कोक्कास पुरावा नाही, पात्र आहे



अध्यक्षीय भाषणाची वाट ठरलेली असते. आपण या पदाला कसे लायक नाही ते आधी सांगायचं, मग मराठीचं पुढे काय होणार म्हणून सुस्कारा टाकायचा, शासनाकडे चार मागण्या करायच्या आणि टाळ्या घेऊन खाली बसायचं. मला त्या वाटेनं जायचं नाही. मला आज भांडायचं आहे, तेही तीन आघाड्यांवर. तिन्ही आघाड्यांवरची मंडळी या मांडवात हजर आहेत, त्यामुळे पाठीमागे बोलल्याचा आरोप तरी माझ्यावर येणार नाही.

भांडणाचं कारण एक सुतार आहे. त्याचं नाव कोक्कास, गाव सोपारा. आपण बसलो आहोत तोच हा सोपारा. इथल्या ज्या टेकाडाला लोक ‘बुरूड राजाचा कोट’ म्हणत आले, तिथे १८८२ साली पंडित भगवानलाल इंद्रजींनी उत्खनन केलं आणि आतून बौद्ध स्तूप निघाला. त्याच वर्षी अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा तुकडा सापडला, पुढे १९५६ साली भुईगावला नवव्याचा. सोपाऱ्याचा हा अभिमान आपण दर भाषणात मिरवतो आणि तो रास्तच आहे. पण ज्या गावानं स्तूपालासुद्धा टोपल्या विणणाऱ्या राजाचं घर ठरवलं, त्या गावाच्या वाट्याला प्राकृत कथाकारांनी एक अजब कारागीर दिला होता. त्याचं नाव मात्र इथल्या एकाही व्यासपीठावर मी ऐकलेलं नाही.

त्याची कथा आवश्यकसूत्रावरच्या जैन टीकावाङ्मयात येते, म्हणजे इसवी सनाच्या सातव्या-आठव्या शतकात लिहिलेल्या ग्रंथांत. थोडक्यात सांगतो.

सोपाऱ्यात एक रथकार होता. त्याच्या दासीला एका ब्राह्मणापासून मुलगा झाला, तो कोक्कास. रथकार आपल्या पोरांना विद्या शिकवी. पोरं मंद, त्यांच्या डोक्यात काही शिरेना. दासीचा मुलगा मात्र कोपऱ्यात मुक्यासारखा राही. आपल्याला येतंय हे कुणाला कळू नये म्हणून घेतलेलं हे सोंग. तो बघत राहिला आणि सगळं शिकला. रथकार मेल्यावर राजानं त्याचं घरदार दासीपुत्राच्या हवाली केलं. पुढे सोपाऱ्यात दुष्काळ पडला आणि कोक्कास उज्जैनीला गेला.

आता परक्या शहरात राजाच्या कानावर आपलं नाव घालायचं कसं? त्यानं लाकडी कबुतरं केली. ती राजाच्या कोठारातून सुगंधी साळ उचलून आणू लागली. चोरी पकडली गेली, चोर दरबारात उभा राहिला आणि त्याला हवं होतं तेच झालं. राजानं त्याला ठेवून घेतलं. कोक्काशानं मग आकाशात उडणारा गरुड बनवला. राजा, राणी आणि कोक्कास त्यात बसून फिरू लागले. जो मांडलिक नमत नसे त्याला राजा सांगे, वरून येऊन मारीन. सगळे नमले.

बाकीच्या राण्यांना पोटशूळ उठला. गरुड कोणत्या खिळीनं जातो आणि कोणत्या खिळीनं परततो, हे त्यांनी पट्टराणीकडून काढून घेतलं आणि एकीनं परतीची खीळ पळवली. गरुड निघाला तो निघालाच. परतायची वेळ आली तेव्हा खीळ जागेवर नाही. कलिंग देशात पंख मोडून ते खाली आले. कोक्कास हत्यारं मागायला गावात गेला. तिथला एक रथकार रथ करत बसला होता. एक चाक पुरं झालेलं, दुसरं अर्धं. तो हत्यारं आणायला घरात गेला तेवढ्यात कोक्काशानं अर्धं चाक पुरं केलं. ते सोडलं तर घरंगळत जाई आणि अडलं तरी आडवं पडत नसे. परत आलेल्या रथकारानं चाकाकडे पाहिलं आणि मनात म्हटलं, हा कोक्कास. तडक जाऊन त्यानं राजाला वर्दी दिली. एका कारागिरानं दुसऱ्याला कामावरून ओळखलं आणि त्या ओळखीनंच त्याला पकडून दिलं.

उज्जैनीचा राजा आणि राणी कैदेत पडले. कलिंगाच्या राजानं कोक्काशाला हुकूम केला, माझ्या मुलांसाठी महाल बांध, मधोमध माझं दालन ठेव. कोक्काशानं बांधला. गुपचूप उज्जैनीच्या राजपुत्राला निरोप धाडला, अमुक दिवशी चालून ये. त्या दिवशी कलिंगाचा राजा मुलांसकट महालात गेला, कोक्काशानं खिळीवर घाव घातला आणि महाल मिटला. आतली सगळी माणसं मेली. बाहेरून राजपुत्रानं नगर घेतलं, आईबापांना आणि कोक्काशाला सोडवलं.

कथा संपली. आता भांडण.

पहिली आघाडी. मघाशी याच माइकवरून सांगितलं गेलं की आपल्या पूर्वजांकडे विमानं होतीच, पुरावे ग्रंथांत आहेत, आपण करंटे म्हणून विसरलो. हे विधान एकट्या वक्त्याचं नाही. जानेवारी २०१५ मध्ये मुंबई विद्यापीठात भारतीय विज्ञान काँग्रेस भरली तेव्हा तिच्या मांडवातही ते ऐकू आलं होतं. या पक्षाच्या हाती कोक्कास अजून लागलेला नाही, याबद्दल मी देवाचे आभार मानतो. लागला की पहिला फलक इथल्या स्टेशनाबाहेर लागेल: ‘जगातील पहिल्या वैमानिक अभियंत्याची जन्मभूमी’.

तो फलक लागायच्या आत काही गोष्टी बोलून घेतो. आवश्यकाची टीका म्हणते, कोक्कास सोपाऱ्याचा. त्याच्याही आधी संघदासगणींनी जैन महाराष्ट्री प्राकृतात लिहिलेली ‘वसुदेवहिंडी’ म्हणते, तो ताम्रलिप्तीचा. एक म्हणते यंत्र पडलं ते खीळ चोरल्यामुळे. दुसरी म्हणते, यंत्र दोघांचाच भार पेलणारं होतं आणि राणीच्या हट्टापायी तिसरं माणूस बसलं म्हणून. खरं यंत्र एकदा पडतं, एका कारणानं पडतं. कथेतलं यंत्र कथाकार पाडील तसं पडतं.

असुरांचा शिल्पी मयासुर, त्याचंही तसंच. रामायणाच्या किष्किंधाकांडात स्वयंप्रभा वानरांना सांगते की मयाला इंद्रानं वज्रानं मारलं. तोच मय महाभारतात खांडववनाच्या आगीतून अर्जुनाच्या अभयानं वाचतो आणि चौदा महिन्यांत युधिष्ठिराला सभा बांधून देतो. भागवतात तो शाल्वाला लोखंडी सौभनगर करून देतो. सूर्यसिद्धांतात तो कृतयुगाच्या अखेरीस ग्रहगणित शिकतो. याला इतिहास म्हणायचं असेल तर मेलेल्या माणसाकडून सभा बांधून घेतल्याचा इतिहास लिहावा लागेल. आणि याला साहित्य म्हटलं तर कुठलीच अडचण उरत नाही. प्रत्येक कथाकारानं आपल्याला हवा तो शिल्पी बोलावला आणि तो आला.

‘पण ग्रंथांत कृती दिली आहे,’ असं कुणी म्हणेल. भोजराजाच्या ‘समरांगणसूत्रधारा’त लाकडी पक्ष्याच्या पोटात पारा तापवायची गोष्ट आहे खरी. तिथेच ग्रंथकार हेही सांगून टाकतो की यंत्रांची जुळणी मी गुप्ततेसाठी दिलेली नाही, अज्ञानामुळे नाही. इतकं चलाख वाक्य मला तरी आयुष्यात सुचलेलं नाही. राहता राहिलं ‘वैमानिकशास्त्र’. बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेतल्या पाच संशोधकांनी १९७४ साली ते तपासलं. ग्रंथ १९०४ च्या आधीचा नाही आणि त्यातलं एकही विमान उडणार नाही, असा निकाल त्यांनी दिला. तो निकाल देऊन पन्नास वर्षं उलटली. तरी व्याख्यानं चालूच आहेत.

आणि एक चिमटा काढल्याशिवाय मी पुढे जाणार नाही. या कथांना पुरावा मानायचं तर पूर्ण माना. वसुदेवहिंडीतला कोक्कास ही विद्या यवनांच्या देशात शिकून येतो. बुधस्वामीच्या ‘बृहत्कथाश्लोकसंग्रहा’त राजाचे सुतार हात जोडून सांगतात की आम्हाला पाण्याची, दगडाची, धुळीची यंत्रं येतात, आकाशयंत्रं मात्र यवन जाणतात. म्हणजे तुमच्याच साक्षीदारानं तुमचा खटला बुडवला! कथाकारांना याची लाज वाटली नाही. परदेशातून विद्या आणणारा नायक त्यांना चालला. लाज वाटते ती आपल्याला, कारण आपल्याला कथा नकोच असते, पहिल्या नंबराचं प्रमाणपत्र हवं असतं.

माझा खरा राग वेगळाच आहे. ‘हे खरंच होतं’ असं जो म्हणतो तो पूर्वजांचा गौरव करत नाही, त्यांची प्रतिभा हिरावून घेतो. न पाहिलेली वस्तू कल्पून, तिला परतीची स्वतंत्र खीळ लावून, ती खीळ चोरणारी माणसं तिच्याभोवती उभी करणं, हे केवढं सामर्थ्य! त्याला तुम्ही बातमीदार करून टाकता. जणू त्यानं खिडकीतून विमान जाताना पाहिलं आणि टिपून ठेवलं.

दुसरी आघाडी. आतापर्यंतच्या बोलण्याला ज्यांनी जोरात टाळ्या वाजवल्या, त्यांनी आता हात खाली घ्यावेत. कारण ते विमानवाल्यांना हसतात आणि त्या हसण्याबरोबर पोथीही खिडकीबाहेर टाकतात. त्यांच्या लेखी हे सगळं भाकड, लहान मुलांचं, फार तर उन्हाळी शिबिरात सांगायचं.

हा तुच्छभाव आपल्याकडे जुना आहे. १८६० च्या दशकात ‘मुक्तामाला’, ‘मंजुघोषा’ अशा अद्भुतरम्य कादंबऱ्या वाचकांनी उचलून धरल्या आणि १८७२ साली का. बा. मराठ्यांनी ‘नावल व नाटक ह्यांविषयी निबंध’ लिहून त्या परंपरेला धारेवर धरलं. त्यांचं म्हणणं बिनबुडाचं नव्हतं. भोवतालच्या माणसांची सुखदुःखं त्या कादंबऱ्यांत कुठे होती? त्या टीकेच्या मागोमाग हरिभाऊ आपटे आले आणि मराठी कादंबरीला खरं जग मिळालं. तो फायदा मी नाकारत नाही. पण त्या झगड्यात आपण एक समजूत उराशी धरली की समाज फक्त वास्तववादी कथेत असतो आणि अद्भुतात फक्त पलायन.

मग कोक्काशाच्या कथेत काय आहे ते सांगा. दासीच्या मुलाला शिकायचं असेल तर मुका व्हावं लागतं. मालकाच्या पोरांना विद्या फुकट मिळते आणि ती पचत नाही. दुष्काळ हुन्नरी माणसाला गाव सोडायला लावतो. गुणाची दखल घ्यावी म्हणून आधी चोरी करावी लागते. राजाच्या हाती उडतं यंत्र आलं की पहिला उपयोग सहलीचा आणि दुसरा धाक घालण्याचा. अंतःपुरात कोंडलेल्या बायकांकडे सत्ता नाही, पण यंत्राची एक खीळ पळवण्याइतकी अक्कल आणि संताप आहे. याला तुम्ही पलायन म्हणता? या कथेतून पळून जायला मला तरी वाट सापडली नाही.

पैठणची ती दंतकथा आठवा. गुणाढ्यानं पैशाची भाषेत सात लाख श्लोकांची ‘बृहत्कथा’ लिहिली, शाईऐवजी रक्तानं. सातवाहन राजानं ती भाषा हलकी म्हणून परत पाठवली. गुणाढ्य अरण्यात बसून एकेक पान पशुपक्ष्यांना वाचून दाखवी आणि आगीत टाकी. जनावरं चरायचं विसरली, राजाच्या मुदपाकखान्यात सुकं मांस येऊ लागलं, तेव्हा राजाला शुद्ध आली. तोवर लाखभर श्लोकच उरले होते. सोमदेवाचा ‘कथासरित्सागर’ त्या उरलेल्या कथेचा वारसा सांगतो. त्यातच मयाची मुलगी सोमप्रभा टोपलीभर लाकडी बाहुल्या घेऊन मैत्रिणीकडे येते. खीळ दाबली की एक उडून हार आणते, दुसरी पाणी आणते, तिसरी नाचते. हा वारसा मराठी भूमीतल्या एका नगराशी बांधलेला आहे. आणि आजचे आमचे समीक्षक त्या सातवाहनाचीच गादी चालवतात. फरक इतकाच की यांच्या मुदपाकखान्यात अजून काही कमी पडलेलं नाही, म्हणून यांना शुद्ध येत नाही.

याच आघाडीवर माझे विज्ञानकथावाले मित्रही उभे आहेत. जयंत नारळीकरांनी १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेला ‘कृष्णविवर’ ही कथा टोपणनावानं पाठवली, नावाच्या वलयाशिवाय कथा जोखली जावी म्हणून. २०२१ च्या नाशिकच्या साहित्य संमेलनाचं अध्यक्षपद त्यांच्याकडे गेलं, तेव्हा या लेखनप्रकाराला पंक्तीत पान मिळालं. त्यांच्याविषयी माझ्या मनात आदरच आहे. पण त्यांच्या मागून आलेल्या पुष्कळांनी विज्ञानकथेचा दाखला-विभाग उघडला: यात विज्ञान बरोबर आहे का, मग शिक्का, नाही, मग परीकथा, पुढच्या खिडकीवर जा. या खिडकीवर कोक्कास हमखास परत पाठवला जाईल. त्याचा गरुड कशावर उडतो ते सांगितलेलं नाही ना! अहो, पण जाण्याची कळ वेगळी आणि परतण्याची वेगळी, भार किती पेलेल याची मर्यादा, एक सुटा भाग गेला की सगळं यंत्र निकामी, दुरुस्तीला परगावात हत्यारं मागावी लागणं, हा सगळा विचार यंत्र हाताळणाऱ्याचा आहे. सूत्रं पाठ असलेल्या कित्येक विज्ञानकथांत एक स्क्रूसुद्धा हरवत नाही.

तिसरी आघाडी आपली, म्हणजे लिहिणाऱ्यांची. इथे मला जास्त कडक बोलायचं आहे.

आपल्या कथांतला संशोधक आठवून पाहा. तो डॉक्टरेट मिळवलेला असतो, पुण्यात त्याचा बंगला असतो, बंगल्याच्या तळघरात प्रयोगशाळा असते आणि दाराशी विश्वासू नोकर. नोकर चहा आणतो. शोध साहेब लावतात. प्राकृत कथाकारानं तेराशे वर्षांपूर्वी हा फोटो उलटा लावला होता: साहेबाची पोरं ढ, आणि कोपऱ्यातला दासीपुत्र सगळं शिकून बसलेला. मग पुढे कोण गेलं, आपण की तो? इथून हाकेच्या अंतरावर वालीव, गोखिवऱ्याच्या गाळ्यांत लेथवर आणि डायवर काम करणारी पोरं आहेत. ड्रॉइंग न वाचता नुसतं बघून सुटा भाग बनवतात. त्यातलं एखादं पोर मराठी अद्भुतकथेचा नायक झालेलं दाखवा. रंधा, पटाशी, वाकस, किकरा, गिरमिट हे शब्द आपल्या कथांत शोधा. जादूची कांडी सापडेल. तिच्या टोकाला काय आहे ते विचारलंत तर बहुतेक वेळा परदेशी पुस्तकाचा भाषांतरित शेंडा निघतो.

दुसरी गोष्ट, कारागीर दिसला की आपण त्याचा संत करतो. त्याला हार घालतो, पुतळा उभारतो आणि त्याच्या हातून काय काय झालं ते विसरतो. कोक्कास संत नाही. त्यानं राजाला धाक घालायचं साधन दिलं. त्यानं महाल बांधला तोच मिटण्यासाठी, आणि बापासकट मुलं आत मारली. कैदेतून सुटायला दुसरा मार्ग नव्हता, असं म्हणता येईल. कथाकार तसं म्हणत नाही आणि त्याला दोषही देत नाही. टीकाकारांनी ही कथा सांगितली ती ‘शिल्पसिद्धा’चं उदाहरण म्हणून. सिद्धांचे प्रकार मोजताना ते कर्मसिद्ध, शिल्पसिद्ध, विद्यासिद्ध, मंत्रसिद्ध असे अनेक सांगतात आणि कर्मांचा क्षय करणारा खरा सिद्ध शेवटी येतो. म्हणजे हाताची परिपूर्णता ही एक सिद्धी आहे, एवढंच त्यांनी मान्य केलं. ती मोक्षाची सिद्धी आहे असं नाही. कसबाला पूर्ण मान द्यायचा आणि कसबालाच चांगुलपणा समजायचं नाही, हा तोल त्या साधूंना जमला. आपल्या संशोधकांच्या चरित्रकारांना तो आजही जमत नाही.

कारागिराला देव करण्याची खोड आपल्या मातीत जुनी आहे. वेरूळचं दहावं लेणं बौद्ध चैत्यगृह. आतल्या बुद्धमूर्तीला सुतारांनी विश्वकर्मा मानून पूजलं आणि लेण्याला ‘सुतार का झोपडा’ हे नाव पडलं. त्याच वेरूळच्या कैलासाबद्दल कृष्ण याज्ञवल्कीच्या ‘कथाकल्पतरू’त आख्यायिका आहे. राणीनं कळस पाहिल्याशिवाय न जेवण्याचा पण केला, सगळे शिल्पी हरले आणि पैठणच्या कोकसानं कळसापासून खाली कोरत येऊन तिचा पण पुरा केला. सोपाऱ्याचा कोक्कास आणि पैठणचा कोकस यांना ओढूनताणून एक माणूस ठरवण्याचा उद्योग मी करणार नाही. तो केला की मी पहिल्या आघाडीत जाऊन बसेन. मला एवढंच दिसतं की अशक्य काम सोपवायची वेळ आली की या भागातल्या कथाकारांना याच नावाचा माणूस आठवत होता. कोक्काशाचा वारसा हा आहे. तो लोखंडात शोधू नका. सांगणाऱ्यांच्या तोंडी तो शाबूत आहे.

म्हणून या पदावरून माझं मागणं आपल्याच मंडळींकडे आहे. वसुदेवहिंडीचं संपादन भावनगरहून १९३०-३१ मध्ये निघालं, सांडेसरांनी १९४६ साली ती गुजरातीत नेली, जगदीशचंद्र जैनांनी १९७७ मध्ये इंग्रजीत. शेजाऱ्यांनी ऐंशी वर्षांपूर्वी जे घरात आणलं ते आपल्या शाळकरी मुलांच्या हाती सोप्या, रसाळ मराठीत पडलं पाहिजे. पुढच्या वर्षीच्या संमेलनात कोक्काशावर निदान पाच नव्या कथा, एक नाटक आणि एक भांडखोर परिसंवाद झाला पाहिजे. नव्या कथांमध्ये परतीची खीळ पळवणारी ती राणी बोलू द्या. चाक पाहून ओळखणारा आणि वर्दी देणारा तो कलिंगाचा रथकार बोलू द्या. मालकाची मंद पोरं मोठी होऊन काय करतात तेही कळू द्या. माझा अंदाज आहे की ती एखाद्या समितीवर असतील.

आणि स्वागताध्यक्षांना एक सूचना. सोपाऱ्यात कोक्काशाचा पुतळा बसवण्याचा ठराव कुणी आणला तर तो माझ्या नावानं फेटाळून लावा. त्या पैशात इथल्या ग्रंथालयाच्या मागच्या खोलीत सुतारकामाचं एक बाकडं, हत्यारांची एक पेटी आणि गोष्टींच्या पुस्तकांचं एक कपाट ठेवा. दार सगळ्यांना उघडं ठेवा. शिकण्यासाठी मुक्याचं सोंग घ्यावं लागलेला मुलगा कथेत एकदा येऊन गेला, तेवढा पुरे.

तिन्ही आघाड्यांवरच्या मित्रांनो, माझं म्हणणं खोडून काढायला दुपारचा परिसंवाद मोकळा आहे. मी पहिल्या रांगेत बसून ऐकणार आहे. अट एकच: बोलायला उभं राहण्याआधी कथा वाचून या. विमान सिद्ध करायला येणाऱ्यांनी परतीच्या खिळीचं काय झालं ते सांगावं, आणि कथेला बालिश म्हणणाऱ्यांनी ती खीळ राणीनं का पळवली ते सांगावं. ज्याला यातलं एकही सांगता येणार नाही, त्यानं कोक्काशाच्या नावानं बोलू नये.